शेवटच्या रिळातलं वाक्य

सिंगापूरच्या विमानतळातून बाहेर पडल्यावर हवेला जळक्या पाल्याचा वास आला. २०१५ चा ऑक्टोबर होता. शेजारच्या देशात जंगलं पेटली होती आणि त्यांचा धूर समुद्र ओलांडून शहरावर बसला होता. टॅक्सीवाल्याने नाकावर मास्क लावला होता. दुपारचा सूर्य तांब्याच्या पैशासारखा दिसत होता आणि त्याच्याकडे डोळे न मिटता बघता येत होतं.

आम्ही दोघी होतो. माझी मैत्रीण उषा, गणिताची निवृत्त शिक्षिका, वय सहासष्ट. आणि मी, पुण्यातल्या एका दैनिकातून निवृत्त झालेली वार्ताहर. जाण्याचं कारण एक चित्रपट होता. जपानी, कृष्णधवल, बोलपट नुकते सुरू झाले त्या काळातला. एकेचाळीस वर्षांपूर्वी पुण्यातल्या आमच्या फिल्म सोसायटीत तो दाखवला होता. आता सिंगापूरच्या एका छोट्या थिएटरात त्याचा एकच खेळ होणार होता. उषाचा धाकटा भाऊ माधव तिथे राहतो. त्याच्या सुनेने, मुग्धाने, जाहिरात पाहून फोनवर सहज सांगितलं, आणि उषा म्हणाली, "मी येते. मला शेवट बघायचाय."

ती त्याआधी विमानात बसली नव्हती. पितृपक्षात कुठे निघालात, असं तिच्या इमारतीतल्या दोघींनी विचारलं. "सिनेमाला," उषा म्हणाली.

गुरुवार, मरीन परेड

माधवच्या मुलाचा फ्लॅट चौदाव्या मजल्यावर आहे. मुलगा आणि सून दोघंही रॅफल्स प्लेसला, बँका-ऑफिसांच्या भागात, नोकरी करतात. मुलगा त्या आठवड्यात परदेशी दौऱ्यावर होता. नात इरा अकरा वर्षांची. धुरामुळे तिच्या शाळेने मैदानावरचे तास बंद केले होते, त्यामुळे ती वैतागलेली होती.

माधव मरीन इंजिनिअर. चोविसाव्या वर्षी बोटीवर गेला, पुढे इथल्याच एका जहाजदुरुस्तीच्या यार्डात लागला आणि इथलाच झाला. पत्नी गेल्यापासून मुलाकडे असतो. त्याने आम्हाला आधी बाल्कनीत नेलं. समोर समुद्र असायला हवा होता. करड्या पडद्यापलीकडे काही दिसत नव्हतं.

"ताई, इथून तीस-चाळीस बोटी दिसतात एरवी. नांगर टाकून उभ्या असतात. आज एकही दिसत नाही."

"आहेत ना पण?"

"आहेत की."

"मग झालं तर."

जेवताना मुग्धाने विषय काढला. "उषाआत्या, बाबा त्या सिनेमात माईकवर बोलले होते म्हणे. म्हणजे नक्की काय करायचे?"

माधव भात कालवत राहिला. म्हणून मी सांगितलं. ते इथेही सांगायला हवं, कारण आता ती पद्धत कुणाला ठाऊक नसते.

आमच्याकडे परदेशी चित्रपटांच्या प्रिंट दिल्लीहून पत्र्याच्या डब्यांत येत. काहींवर उपशीर्षकं नसत. अशा वेळी डब्यात संवादांची टाइप केलेली इंग्रजी यादी असे. सोसायटीतला एखादा सभासद प्रोजेक्टरशेजारी टेबल टाकून बसे, पुढ्यात यादी आणि निळा कागद गुंडाळलेला दिवा, आणि चित्रपट चालू असताना माईकवर मराठीत संवाद सांगत जाई. अभिनय करायचा नाही, बातम्या दिल्यासारखं सांगायचं, हा नियम होता. सभागृह एका शाळेचं. प्रोजेक्टर एकच, म्हणून प्रत्येक रीळ संपलं की दिवे लागत, चार-पाच मिनिटं जात. त्या वेळात लोक पाय मोकळे करत आणि पुढे काय होईल यावर वाद घालत. निम्म्या सभासदांची मतं त्या मधल्या वेळांतच तयार झाली असावीत.

माधव तेव्हा इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला होता आणि संध्याकाळच्या वर्गात वर्षभर जपानी शिकला होता. त्यामुळे हा चित्रपट त्याच्याकडे आला. उषा दारात सभासदांची कार्डं तपासायची आणि खेळ सुरू झाला की तिसऱ्या रांगेत कडेच्या खुर्चीवर बसायची.

"आणि स्टोरी काय?" मुग्धाने विचारलं.

लहान गावातला एक रंगारी, कापड रंगवणारा. बायको नाही. थोरल्या मुलीचं स्टेशनावरच्या एका कारकुनावर मन बसलेलं. बापाला वाटतं, तिने दुकानातल्या जुन्या कारागिराशी लग्न करून घर आणि धंदा सांभाळावा. शेवटी ती पेटी घेऊन स्टेशनावर जाते.

"मग? पळून जाते?"

"परत येते," मी म्हणाले. "आणि बापाला एक वाक्य सांगते. तेव्हा पुण्यात ते सगळ्यांना पाठ होतं. 'बाबा, हा उंबरा ओलांडून मिळणारं सुख मला नको.'"

इराने मान वर केली आणि इथल्या इंग्रजीचं शेपूट जोडून म्हणाली, "सो ड्रामा, लाह."

उषा हसली. माधव हसला नाही. पाणी आणायला म्हणून तो उठला. पाण्याचा जग टेबलावरच होता.

शुक्रवार, हॉकर सेंटर

सकाळी माधव आम्हाला नाश्त्याला घेऊन गेला. हॉकर सेंटर म्हणजे मोठं छप्पर, त्याखाली ओळीने खाण्याच्या टपऱ्या आणि मध्ये जमिनीत पक्की केलेली टेबलं. इराही बरोबर होती. तिची शाळा दुपारची. उषाला एक रिकामं टेबल दिसलं. त्यावर कागदी रुमालांचं एक पुडकं पडलं होतं. कुणीतरी विसरलं असावं, म्हणून तिने ते उचलून टेबलं पुसणाऱ्या बाईंना नेऊन दिलं आणि येऊन बसली.

"आत्याआजी, कॅनॉट लाह," इरा कुजबुजली. "ते चोप केलेलं टेबल आहे."

चोप म्हणजे जागा धरणं. आपण एसटीच्या खिडकीतून रुमाल टाकतो तसं. फरक असा की इथे त्या पुडक्याला कुणी हात लावत नाही. टेबलाचे मालक, एक वयस्क चिनी जोडपं, हातात वाडगे घेऊन उभं होतं. उषा उठली आणि त्यांची माफी मागितली. आजोबांनी हाताने बस बस अशी खूण केली आणि आम्ही सगळे एकाच टेबलावर बसलो.

उषा शाकाहारी. अंडं चालतं. तिने पाटीवर कॅरट केक वाचून तो मागवला. आला तो तव्यावर परतलेला, अंडं घातलेला, वर कांद्याची पात. तिने दोन घास खाल्ले.

"यात गाजर कुठाय?"

"नसतं. मुळा असतो."

"आणि केक?"

"तोही नसतो."

"बरंय," ती म्हणाली. "मुळा चांगला शिजलाय." आणि तिने ताटली संपवली.

मग इरा तिला पलीकडचं फळांचं दुकान दाखवायला घेऊन गेली. दोघी दिसेनाशा झाल्यावर माधवने चहाचा ग्लास बाजूला सरकवला.

"सुमन, ते वाक्य सिनेमात नाहीये."

मी विचारलं, कुठलं वाक्य. विचारायची गरज नव्हती.

"उंबऱ्याचं. मी बनवलं ते."

त्याने सांगितलं ते असं. प्रिंट खेळाच्या दिवशी दुपारी आली. आधी चालवून बघायला वेळ नव्हता. सातवं रीळ संपून दिवे लागले, तेव्हा त्याने यादीचं पान उलटलं. पुढे पान नव्हतं. आठव्या, म्हणजे शेवटच्या रिळाची यादी डब्यात आलीच नव्हती. त्याने डबे उलटेपालटे केले. तोवर दिवे गेले. प्रिंट जुनी होती, आवाज खरखरत होता, त्यात त्याचं वर्षभराचं जपानी. पडद्यावर मुलगी घरी आली आणि कॅमेऱ्याकडे पाठ करून उभी राहिली. तिचे ओठ दिसत नव्हते. दोनशे माणसं माईककडून काही येण्याची वाट बघत होती.

"आणि मला माहीत होतं की ताई तिसऱ्या रांगेत बसलीय."

हे मलाही माहीत होतं. उषाचं तेव्हा अरविंद नावाच्या माणसाशी लग्न ठरायच्या बेतात होतं. तो दुसऱ्या जातीचा, घरी कडाडून विरोध. वडील आजारी, आई खचलेली. माधवची बोटीवरच्या नोकरीची खटपट सुरू झाली होती. उषा गेली असती, तर त्याला राहावं लागलं असतं.

"मी मुद्दाम केलं असं म्हणत नाही. पण वाक्य तोंडात आलं ते तसलंच आलं. आठवड्याने ताईने अरविंदला नाही सांगितल्याचं कळलं. दोन वर्षांनी मी बोटीवर गेलो. आईबाबांचं सगळं तिने केलं. लग्न केलं नाही." त्याने ग्लास पुन्हा जवळ ओढला. "उद्या पडद्यावर इंग्लिशमध्ये येईल, ती काय बोलते ते. ताई वाचेल."

"म्हणून तू पाणी आणायला उठलास काल."

"आधी सांगू? का सिनेमा झाल्यावर?"

मी म्हटलं, आधी सांग. हा सल्ला देताना एक गोष्ट मला सोयीची नव्हती. ते वाक्य पुण्यात पसरलं ते माझ्यामुळे. तेव्हा मी दैनिकात नवीन होते. दुसऱ्या दिवशीच्या अंकात या खेळाची छोटी बातमी माझी होती, आणि तिच्यात ते वाक्य नायिकेच्या नावावर, अवतरणचिन्हांत छापलेलं होतं. बातमीचा शेवट असा होता: 'सभागृह पूर्ण भरले होते. एकही खुर्ची रिकामी नव्हती.' बातमी पडताळून पाहायला मला कुणी शिकवलं नव्हतं असं नाही. पण ते वाक्य मी स्वतः ऐकलं होतं. ऐकलेल्यावर शंका घ्यायचं सुचलं नाही.

उषा पपई घेऊन आली. माधवने त्या दिवशी तिला काही सांगितलं नाही. दुपारी तो तिच्या खोलीच्या दारापर्यंत गेला आणि पंखा नीट चालतोय ना, एवढं विचारून परत आला.

शनिवार, थिएटर

खेळ दुपारी तीनचा. मरीन परेडहून शहरात आम्ही दुमजली बसने गेलो. उषाला वरच्या मजल्यावर, अगदी पुढच्या काचेपाशी बसायचं होतं. धूर थोडा निवळला होता. झाडं इतकी नीट कातरलेली की मोजपट्टी लावून कापली आहेत असं वाटावं. माधव तिच्या शेजारी बसला. मी मागे. त्याने तीनदा घसा साफ केला.

"ताई, तो शेवट आहे ना..."

"सांगू नकोस," उषा म्हणाली. "मला बघायचाय."

पुढच्या थांब्यापर्यंत त्याने पुढचा दांडा घट्ट धरून ठेवला होता.

थिएटरात ऐंशीएक खुर्च्या. एसी इतका थंड की उषाने पिशवीतून शाल काढून पांघरली. प्रेक्षक चाळीसेक, त्यात बरेच तरुण, चिनी, हातात आइस्ड कॉफी. आमच्या शेजारी कुणी वाद घालणार नव्हतं, कारण मधे दिवे लागणारच नव्हते. चित्रपट सलग चालला, दीड तास.

पुण्यात पाहिलेलं मला जितकं आठवत होतं, त्यातलं अर्धं चुकीचं निघालं. मला वाटत होतं मुलगी सुंदर आहे. ती साधी आहे, हात रंगाने काळे. मला वाटत होतं बाप कठोर आहे. तो कठोर नाही, तो कामात आहे. ध्वनी तेव्हा नवीन होता, आणि दिग्दर्शकाने तो फार जपून वापरला आहे. वाळत घातलेल्या कापडाची फडफड, लाकडी चपलांचा आवाज, लांबची शिट्टी. पुण्यात यातलं आम्ही काहीच ऐकलं नव्हतं. या सगळ्यावर माधवचा आवाज होता.

शेवट असा आहे. पहाट. मुलगी पेटी घेऊन घरात येते, पाठमोरी उभी राहते. बाप रंगाच्या हौदापाशी वाकलेला. बराच वेळ कुणी काही बोलत नाही. मी मनात मोजायचा प्रयत्न केला, जमलं नाही. मग बाप वर न बघता म्हणतो, आणि ते पडद्यावर खाली इंग्रजीत उमटतं:

दार लाव. वारा येतोय.

ती दार लावते. कॅमेरा बाहेरच राहतो. बंद दार दिसतं आणि चित्रपट संपतो. मुलगी शेवटच्या रिळात एक शब्दही बोलत नाही.

दिवे लागले. माधव पडद्याकडेच बघत होता. उषाने शालीची घडी केली, पिशवीत ठेवली आणि म्हणाली, "चहा घेऊ या कुठेतरी."

कोपऱ्यावर जुन्या पद्धतीचं एक कॉफीचं दुकान होतं, संगमरवरी टेबलांचं. चहा आला. माधवने कपाला हात लावला नाही.

"ताई, त्या दिवशी मी माईकवर बोललो ते..."

"उंबऱ्याचं ना? ते यात नव्हतं."

"नव्हतंच. मी ते बनवलं." आणि त्याने सगळं सांगितलं, पान हरवल्यापासून बोटीवर जाण्यापर्यंत. आदल्या दिवशी मला सांगितलं होतं त्याच क्रमाने. बहुतेक अनेक वर्षं तो ते मनात असंच म्हणत आला असावा. शेवटी म्हणाला, "तुझं लग्न माझ्यामुळे मोडलं."

उषाने चहाचा घोट घेतला. कप बशीत नीट मध्यावर ठेवला.

"शेवटच्या रिळाला मी हॉलमध्ये नव्हते, माधव."

तो तिच्याकडे बघत राहिला.

"सातवं रीळ संपून दिवे लागले तेव्हा मी बाहेर गेले. अरविंद जिन्यात उभा होता. तिथे बोललो आम्ही. तुझा आवाज येत होता आतून, शब्द कळत नव्हते. आत आले तेव्हा लोक डोळे पुसत खुर्च्या आवरत होते. वाक्य मी दुसऱ्या दिवशी हिच्या पेपरात वाचलं." तिने माझ्याकडे बोट केलं. "शेवट मी आज पहिल्यांदा पाहिला. म्हणून तर आले एवढ्या लांब."

"मग मी इतकी वर्षं..."

"इतकी वर्षं फुकट झुरलास. माझ्या आयुष्याचं गणित तू सोडवलंस असं समजत होतास. वाकडं होतं तर होतं, पण माझं होतं ना ते. तू कशाला आपल्या नावावर घेतोस?"

तिचा आवाज चढला नव्हता. वर्गात चुकलेली पायरी दाखवताना ती याच आवाजात बोलत असणार. माधवचे कान लाल झाले. मला वाटलं होतं त्याला हायसं वाटेल. तसं दिसलं नाही. हातातलं जुनं सामान कुणी काढून घ्यावं, तसा तो बसून राहिला.

"आणि अजून एक," उषा म्हणाली. "तू ते वाक्य बनवलंस हे आज सांगितलंस. पण तू मला कधी विचारलं नाहीस की ताई, तू का नाही गेलीस. एकदाही नाही. चहा घे, गार होतोय."

रविवार, समुद्रकिनारा

पहाटे पाऊस पडून गेला आणि धूर खाली बसला. किनाऱ्यावरच्या बागेत सायकलवाल्यांची गर्दी होती. बोटी दिसत होत्या. खरोखरच तीस-चाळीस, एकामागे एक, काही इतक्या लांब की ठिपक्यासारख्या. माधव एकेक दाखवत होता. ही तेलाची, ही मोटारींची, ती पाण्यात उंच उभी आहे म्हणजे रिकामी आहे. उषा विचारत होती आणि तो सांगत होता. मग दोघं बाकावर बसले. मी थोडी पलीकडे, पण ऐकू येईल इतक्या अंतरावर. सवय जात नाही.

बऱ्याच वेळाने माधव म्हणाला, "ताई, तू का नाही गेलीस?"

उषाने चपलेतली वाळू झटकली.

"त्याची बदली नागपूरला झाली होती. लगेच निघायचं म्हणाला, शाळा सोड. मला त्या वर्षी पहिल्यांदा शेवटच्या इयत्तेचा वर्ग मिळाला होता. परीक्षा मार्चमध्ये. मी म्हटलं, एप्रिलपर्यंत थांब."

"मग?"

"तो म्हणाला, बघू. जिन्यात उभा राहून, बघू." ती बोटींकडे बघत होती. "मला वाटलं होतं थांबेल. नाही थांबला."

"एवढंच?"

"एवढंच."

"आणि बाबांसाठी राहिलीस ते?"

"ते लोकांनी ठरवलं. आईनेही. कारण चांगलं होतं, कुणी पुढे काही विचारेना. मग मलाही पटायला लागलं. बाबांचं केलं ते केलंच की मी. पण त्यासाठी राहिले नव्हते."

खाऱ्या वाऱ्याने उषाची शाल घसरली, ती माधवने उचलून तिच्या खांद्यावर नीट ठेवली. "चल," ती म्हणाली, "ती पाण्यात उंच उभी आहे म्हणालास ती कुठली? परत दाखव."

पुणे

परतल्यावर मी जुन्या फाइलीतून ते कात्रण काढलं. कागद पिवळा पडून घडीवर फाटला आहे. दैनिकात चुकीची दुरुस्ती दुसऱ्या दिवशी छापायची असते, पहिल्या बातमीइतकीच स्पष्ट. ही एकेचाळीस वर्षं उशिरा होते आहे आणि ते दैनिक आता माझं नाही, म्हणून इथे देते. हा मजकूर आधी उषाने वाचला. तिने पहिल्या दुरुस्तीवर बरोबरची खूण केली आणि खाली पेन्सिलीने दुसरी लिहिली. दोन्ही अशा:

त्या बातमीत नायिकेच्या तोंडी दिलेलं वाक्य चित्रपटात नाही. ती काही बोलत नाही.

सभागृहात एकही खुर्ची रिकामी नव्हती, हेही बरोबर नाही. शेवटच्या रिळाच्या वेळी तिसऱ्या रांगेतली कडेची एक खुर्ची रिकामी होती.